आर्सोल हे नाव एकदा नीट वाचू या

आर्सोल हे आर्सेनिक असलेल्या एका रसायनाचं नाव, आणि ते ऐकून लोक हसतात. इंग्लंडातल्या बोलीत तो उच्चार एका शिवीच्या फार जवळ जातो, त्यामुळे इंटरनेटवर जिथं जिथं विचित्र नावांच्या रसायनांची यादी असते तिथं हे नाव हमखास सापडतं. हसायला माझी ना नाही, पण हसून झालं की लोक पुढं निघून जातात आणि मला तेच खटकतं, कारण सेंद्रिय रसायनशास्त्रात इतकं सरळ आणि प्रामाणिक नाव शोधूनही सहज सापडायचं नाही. ज्यानं हा पदार्थ कधी पाहिला नाही, ज्याला त्याचा रंग माहीत नाही, वास माहीत नाही, तो माणूससुद्धा नुसतं नाव वाचून कागदावर त्याची आकृती बरोब्बर काढू शकतो. किती नावांबद्दल असं म्हणता येतं सांगा.

मी नागपुरात बीएस्सी-एमएस्सीच्या पोरांना केमिस्ट्री शिकवतो, काही नेट-सेटची तयारी करणारे असतात, कोणी भंडाऱ्याहून अपडाऊन करतं, कोणी वर्ध्याहून, आणि हेटरोसायक्लिक, म्हणजे रिंगमध्ये कार्बनशिवाय दुसराही अणू असलेल्या, संयुगांच्या नावांचा चॅप्टर आला की बहुतेकांचा एकच पवित्रा असतो, सर हे पाठच करून टाकतो. पाठ करायची गरज नाही हे दाखवायला मी दरवर्षी फळ्यावर आर्सोल लिहितो. मागं एका पोट्ट्यानं हात वर करून विचारलं होतं, "सर, हे नाव खरंच असं आहे का, का कोणी मस्करी करून राहिलं?" त्याला म्हटलं, बाबू, मस्करी नाही, हे नाव नियमानं आलं आहे, आणि नियम जर्मनीच्या आर्थर हांट्श यांनी १८८७ मध्ये आणि स्वीडनच्या ओस्कार विडमन यांनी १८८८ मध्ये आपापला वेगवेगळा मांडला, म्हणून आज त्याला दोघांचं नाव आहे, हांट्श-विडमन पद्धत.

नियम असा. रिंगमध्ये कार्बन सोडून दुसरा कोणता अणू बसला आहे ते नावाच्या सुरुवातीला सांगायचं, आणि रिंग किती अणूंची आहे ते शेवटाला. ऑक्सिजन असेल तर ऑक्सा, गंधक असेल तर थाया, नायट्रोजन असेल तर ॲझा, फॉस्फरस असेल तर फॉस्फा, आर्सेनिक असेल तर आर्सा. पाच अणूंची रिंग असेल आणि तिच्यात बसतील तेवढे डबल बॉण्ड बसलेले असतील तर शेवट 'ओल'. आर्सा अधिक ओल, मधला स्वर गळतो, झालं आर्सोल. म्हणजे चार कार्बन, एक आर्सेनिक, दोन डबल बॉण्ड. आणि पूर्ण शिस्तीनं लिहायचं तर १एच-आर्सोल, त्यातला १एच सांगतो की जास्तीचा हायड्रोजन पहिल्या नंबरच्या अणूवर म्हणजे आर्सेनिकवरच आहे, शेजारच्या कार्बनवर नाही. एवढ्याशा नावात सगळा पत्ता आला, घर नंबरसकट.

या पद्धतीत लोक कुठं अडकले आणि कसे सुटले ते बघायला मला फार आवडतं. सहा अणूंच्या रिंगचा शेवट 'ईन' असा होता, त्या हिशोबानं आर्सेनिकवाली सहाची रिंग 'आर्सीन' व्हायला पाहिजे होती, पण आर्सीन हे नाव आधीच एका वायूचं होतं, एक आर्सेनिक आणि तीन हायड्रोजन, आणि तो वायू भयंकर विषारी. दोन वेगळ्या पदार्थांना एकच नाव, त्यातला एक असा जीवघेणा, हे चालण्यासारखं नव्हतंच. म्हणून फॉस्फरस, आर्सेनिक, अँटिमनीसाठी सहाच्या रिंगचा वेगळा शेवट ठरला, 'इनीन', आणि ती रिंग झाली आर्सिनीन. परीक्षेत हे विचारलं तर पोरं गडबडतात, पण कारण एकदा कळलं की कोणी विसरत नाही.

आणि 'ओल' हा शेवट तरी कुठून आला? पाच अणूंच्या रिंगमधलं सगळ्यांच्या ओळखीचं नाव म्हणजे पायरोल, चार कार्बन आणि एक नायट्रोजन. रुंगं या जर्मन रसायनशास्त्रज्ञाला १८३४ मध्ये दगडी कोळशाच्या डांबरात त्याचा माग लागला. पाइनच्या लाकडाची काडी हायड्रोक्लोरिक ॲसिडमध्ये भिजवायची आणि पायरोलच्या वाफेत धरायची, काडी लाल होते. त्या लालीवरून ग्रीकमधला लाल आणि तेलासाठी लॅटिनमधला ओलियम, दोन्ही जोडून पायरोल. म्हणजे आज आपण ज्याला पाच अणूंची खूण म्हणून शिकवतो त्या 'ओल'च्या मागं मुळात तेल आहे. तेल मागं पडलं, खूण राहिली.

आता नाव पायरोलच्या शेजारी नेऊन बसवतं म्हटल्यावर पुढचा प्रश्न येतोच, आणि आला. "मंग हे पायरोलसारखंच असन ना सर?" इथं मात्र नाव जेवढं सांगतं त्याच्या पलीकडं जावं लागतं, आणि हा भाग मी कधीच घाईत उरकत नाही.

क्लासमध्ये बॉल-स्टिकचं मॉडेल किट आहे, त्यात आर्सेनिकचा गोळा नाही, म्हणून आम्ही फॉस्फरसचा जांभळा गोळा घेतो, त्याची तीन भोकं तिरपी असतात. आधी पायरोल जोडायचं, नायट्रोजनसाठी एका पातळीतल्या तीन भोकांचा गोळा लावायचा, आणि टेबलावर ठेवायचं. सगळं टेबलाला टेकतं, चारही कार्बन, नायट्रोजन, त्याच्यावरचा हायड्रोजन, काहीच वर येत नाही. मग तसंच आर्सोल जोडायचं. चार कार्बन टेकतात, पण आर्सेनिकवरचा हायड्रोजन रिंगच्या पातळीतून बाहेर पडून वर उभा राहतो, कितीही दाबा, काडी सोडली की तो परत वर येतो. पोरं ते हातानं दाबून बघतात आणि मग कारण विचारतात, फळ्यावर नुसती आकृती काढली तर कोणी विचारत नाही.

कारण लोन पेअरमध्ये आहे, म्हणजे बॉण्डमध्ये न गुंतलेल्या इलेक्ट्रॉनच्या जोडीत. अमोनियात हायड्रोजन-नायट्रोजन-हायड्रोजन हा कोन साधारण १०७ अंश असतो, आर्सीनमध्ये तोच कोन जेमतेम ९२ अंश. जड अणू तीन बॉण्ड करताना आपली पी ऑर्बिटल, म्हणजे इलेक्ट्रॉनच्या राहायच्या जागा, जवळपास जशीच्या तशी वापरतो, त्या एकमेकींशी काटकोनात असतात, आणि लोन पेअर बरीचशी एस ऑर्बिटलमध्ये पडून राहते. पायरोल सपाट होतो कारण नायट्रोजन आपली लोन पेअर रिंगला देऊन टाकतो, चार इलेक्ट्रॉन डबल बॉण्डचे आणि दोन लोन पेअरचे, सहा झाले, रिंग ॲरोमॅटिक झाली, म्हणजे इलेक्ट्रॉन रिंगभर वाटले जाऊन ती जास्त स्थिर झाली, त्या फायद्यासाठी सपाट व्हायची किंमत नायट्रोजनला परवडते. आर्सेनिकला ती किंमत जड जाते. त्यामुळे आर्सोल ॲरोमॅटिक आहे, पण अर्धवट. गणितानं काढलेले अंदाज पायरोलच्या साधारण ४० टक्के म्हणतात. ॲरोमॅटिकपणा मोजायच्या पद्धती निरनिराळ्या आहेत त्यामुळे या आकड्याला मी फार घट्ट धरत नाही, पण दिशा बरोबर आहे, पायरोलपेक्षा पुष्कळ कमी आणि शून्यापेक्षा नक्की जास्त.

आणि इथंच सहाच्या रिंगला परत बोलवावं लागतं, कारण आर्सिनीन, ज्याला आर्साबेंझीन पण म्हणतात, ते सपाट आहे! आर्थर ॲश यांनी १९७१ मध्ये ते बनवलं. तिथं आर्सेनिकला दोनच शेजारी आहेत, तिसरा हायड्रोजन नाहीच, त्यामुळे वर उभं राहायला काही उरत नाही, त्याची पी ऑर्बिटल डबल बॉण्डमध्ये गुंतते आणि लोन पेअर निवांत एका बाजूला पडून असते, तिला कोणी हलवत नाही. तोच आर्सेनिक, एका रिंगमध्ये बसका आणि दुसरीत ताठ. जड अणू ॲरोमॅटिक होऊ शकत नाहीत असं जे सरसकट सांगितलं जातं ते हे उदाहरण समोर असलं की कोणी सांगणार नाही.

बरं, एक गोष्ट अजून सांगितली नाही. नुसतं आर्सोल, म्हणजे चार कार्बनवर फक्त हायड्रोजन आणि आर्सेनिकवर पण हायड्रोजन, असं मूळ रूप शुद्ध स्वरूपात कोणी वेगळं काढल्याची नोंद नाही. नाव आहे, आकृती आहे, कॉम्प्युटरवर त्याचे कोन आणि लांबी मोजून झाली आहे, पण बाटलीत पदार्थ नाही. बाटलीत आहेत ती त्याची पोरंबाळं, म्हणजे हायड्रोजनच्या जागी मोठे गट लावलेली रूपं. त्यातलं जुनं आणि ठसठशीत म्हणजे पेंटाफेनिलआर्सोल, १९६१ सालचं. डायफेनिलॲसिटिलीन घ्यायचं, ईथरमध्ये लिथियमबरोबर ठेवायचं, दोन रेणू एकमेकांना जोडून चार कार्बनची साखळी होते आणि तिच्या दोन्ही टोकांना लिथियम, मग त्यात एक फेनिल गट (बेंझीनची रिंग) आणि दोन क्लोरीन असलेलं आर्सेनिकचं संयुग टाकलं की दोन्ही लिथियम दोन्ही क्लोरीन घेऊन जातात आणि रिंग बंद. हाती येतात पिवळ्या सुया, २१५ अंश सेल्सियसला वितळतात. पाचही जागी फेनिल, म्हणून पेंटाफेनिल. नाव पुन्हा तेवढंच स्पष्ट.

नियम यायच्या आधी आर्सेनिकच्या संयुगांच्या या घराण्यात नावं कशी पडत होती ते बघितलं की नियमाची किंमत कळते. १७६० च्या सुमारास पॅरिसमध्ये कादे नावाचे औषधनिर्माते अदृश्य शाईवर काम करत होते, त्यांनी पांढरा सोमल, म्हणजे आर्सेनिकचं ऑक्साइड, आणि पोटॅशियम ॲसिटेट एकत्र तापवलं, तर एक लालसर, धूर सोडणारं, असह्य वासाचं द्रव आलं. त्यात काय आहे हे पुढची ७०-८० वर्षं कोणाला धड सांगता आलं नाही. १८३७ पासून रॉबर्ट बुन्सेन त्याच्या मागं लागले, तेच बुन्सेन ज्यांच्या नावाचा बर्नर आपल्या प्रत्येक कॉलेजच्या लॅबमध्ये आहे. त्यांनी लिहून ठेवलंय की त्या वासानं हातापायाला मुंग्या येतात, चक्कर येते, जिभेवर काळा थर येतो. त्याच घराण्यातल्या सायनाइडवाल्या संयुगाच्या स्फोटात त्यांचा एक डोळा गेला. आणि बर्झेलियस यांनी नाव सुचवलं कॅकोडिल, ग्रीकमध्ये घाण वासाचा. नाव खरं आहे, त्यात खोट काढता येणार नाही, पण ते नाकानं दिलेलं नाव आहे. त्यावरून हे कळत नाही की आत दोन आर्सेनिक एकमेकांना धरून आहेत आणि प्रत्येकावर दोन मिथाइल, म्हणजे एकेका कार्बनचे गट, आहेत. ते कळायला बुन्सेन यांचा डोळा आणि कितीतरी वर्षं लागली.

घाण वासाचं नाव निदान सावध तरी करतं. अटॉक्सिलचं उदाहरण मला खरोखर त्रास देतं. बेशां यांनी १८५९ मध्ये ॲनिलीन आणि आर्सेनिक ॲसिडपासून एक पदार्थ बनवला, सोमलापेक्षा त्याचं विष कमी निघालं म्हणून पुढं तो औषध म्हणून आला तेव्हा नाव ठेवलं अटॉक्सिल, म्हणजे बिनविषारी. आफ्रिकेतल्या निद्रारोगावर तो लोकांना दिला गेला आणि काहींची दृष्टी कायमची गेली. ज्यांना तो टोचला त्यांना बाटलीवरचं नाव काय आश्वासन देत होतं ते बघा. रचनेचंही तेच, १९०७ मध्ये पॉल एर्लिख आणि बर्थाइम यांनी दाखवेपर्यंत ती चुकीचीच धरली जात होती.

एर्लिख यांच्याच प्रयोगशाळेतून पुढं ६०६ नंबरचं संयुग आलं, साहाचिरो हाता यांनी १९०९ मध्ये ते सिफिलिसवर चालतं हे दाखवलं, १९१० मध्ये ते साल्वर्सान म्हणून बाजारात आलं. त्याच्या रासायनिक नावात 'आर्सेनो' होतं आणि त्याचा अर्थ दोन आर्सेनिकमध्ये डबल बॉण्ड. पुस्तकांतून तो डबल बॉण्ड छापत राहिले, शिकवत राहिले. २००५ मध्ये न्यूझीलंडच्या वायकाटो विद्यापीठातल्या लोकांनी तपासलं तर तो डबल बॉण्ड नव्हताच, तीन-तीन आणि पाच-पाच आर्सेनिकच्या रिंगा होत्या, सगळे सिंगल बॉण्ड. औषधानं लोक बरे झाले होते हे खरं, पण नावात जी रचना सांगितली होती ती नव्हती. म्हणजे नियमानं नाव द्यायचं तर आधी रचना खरी माहीत पाहिजे, नाहीतर नियमही चुकीचीच रचना सांगत राहणार.

हे सगळं मी एवढं लावून का धरतो, तर आर्सेनिक हा शब्द आमच्याकडच्या पोरांना पुस्तकातून भेटत नाही, पाण्यातून भेटतो. नागपूरहून हावडा लाइननं गोंदिया, डोंगरगड, राजनांदगाव असं गेलं की पुढं अंबागढ चौकीचा भाग येतो, तिथल्या कौडीकसा गावच्या भूजलातलं आर्सेनिक १९९० च्या दशकाच्या शेवटी समोर आलं, तिथल्या खडकातूनच ते पाण्यात उतरतं. लोकांच्या तळहातावर, तळपायावर चामखिळीसारखे कडक गाठी-डाग. पिण्याच्या पाण्यात लिटरला ०.०१ मिलिग्रॅम ही मर्यादा आहे. त्या बाजूचा एक विद्यार्थी एकदा क्लास संपल्यावर थांबला आणि म्हणाला, "सर, आमच्याकडं आर्सेनिक म्हटलं की हापसा बंद करतात, अन तुम्ही म्हणता त्याचं औषध होतं." त्याचं म्हणणं अगदी रास्त होतं.

त्याला जे सांगितलं तेच इथं लिहितो. पाण्यातलं ते असेंद्रिय आर्सेनिक, आर्सेनाइट आणि आर्सेनेट, त्यातलं आर्सेनाइट जास्त घातक. दुसरीकडं समुद्रातल्या शेवंडात, मासळीत पण आर्सेनिक असतं आणि चांगलं भरपूर असतं, पण ते बहुतेक आर्सेनोबिटेन या रूपात. १९७७ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या शेवंडातून ते पहिल्यांदा वेगळं काढलं, त्यात आर्सेनिकवर तीन मिथाइल गट घट्ट बसलेले असतात, शरीर त्याला हात लावत नाही, ते लघवीतून जसंच्या तसं निघून जातं. रिपोर्टवर नुसतं 'एकूण आर्सेनिक' इतकाच आकडा लिहिला तर कौडीकसाचं पाणी आणि कोकणातली मासळी एकाच रांगेत उभी राहते, आणि ते बरोबर नाही, एक माणसाला आजारी पाडतं आणि दुसरं जेवणात चालतं. म्हणून पूर्ण नाव लागतं. आपल्याकडच्या जुन्या लोकांना पण हा फरक ठाऊक होता, पांढऱ्याला सोमल म्हणत, पिवळ्याला हरताळ, तांबड्याला मनशीळ, तिन्हीत आर्सेनिक पण एकाला दुसऱ्याचं नाव कोणी दिलं नाही. पोथीत चुकलेल्या अक्षरावर पिवळा हरताळ फासायचे, तो तिथं चालायचा, सोमल नाही.

आर्सोलच्या घराण्यात सध्या जे चाललंय ते पण थोडं सांगतो. जपानमध्ये क्योटो इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजीतले लोक आर्सोलची रिंग घालून प्रकाश देणारे पदार्थ बनवतात. या कामातली खरी भीती म्हणजे उडून नाकातोंडात जाणारी आर्सेनिकची क्लोराइडं, तर त्यांनी त्याऐवजी आर्सेनिकच्या रिंगांचे न उडणारे घन पदार्थ वापरून पाहिजे ते संयुग जागेवरच तयार करायची वाट काढली. फॉस्फोल, म्हणजे आर्सेनिकच्या जागी फॉस्फरस असलेली तशीच रिंग, हवेत पटकन ऑक्सिडाइज होतं, आर्सोल टिकतं, हा आर्सेनिकचा फायदा. पोरांना मी हे आवर्जून सांगतो कारण त्यांना वाटतं हे सगळं शंभर वर्षांपूर्वीचं आहे.

आता एक नाव तुमच्यासाठी, १-क्लोरो-२,३,४,५-टेट्राफेनिलआर्सोल. आर्सोल कळलं, चार कार्बनवर चार फेनिल कळले, आणि क्लोरीन एक नंबरवर म्हणजे थेट आर्सेनिकवर. आता मागं पेंटाफेनिलवाल्याची कृती आठवा आणि सांगा, त्या कृतीत फक्त एक बाटली बदलायची तर कोणती? फेनिल आणि दोन क्लोरीन असलेल्या आर्सेनिकची बाटली बाजूला ठेवायची आणि तिच्या जागी आर्सेनिक ट्रायक्लोराइड घ्यायचं, तीनपैकी दोन क्लोरीन लिथियम घेऊन जातं, तिसरा आर्सेनिकवरच राहतो. या पण पिवळ्या सुयाच, वितळतात १८२ ते १८४ अंशांना.